मुरानोची भट्टी आणि बुरानोची सुई

व्हेनिस नगरीच्या सान मार्को चौकालगतच्या धक्क्यावरून साडेचार-पाच तासांच्या फेरीसाठी लाँचा सुटतात. युरोपच्या पंधरवड्याच्या सहलीला गेलेली मराठी कुटुंबेही आता त्यांत बसलेली दिसतात. पहिला मुक्काम मुरानो. तेथे काचेच्या भट्टीसमोर लाकडी पायऱ्यांवर प्रवाशांना बसविले जाते. उस्ताद कारागीर वितळलेल्या काचेचा गोळा नळीच्या टोकावर घेतो, चिमट्याने चार-दोन ठिकाणी ओढतो आणि पुढचे पाय उचललेला घोडा उभा करतो. टाळ्या पडतात. लगेच शेजारचे दार उघडते. पलीकडे दुकान असते. पुढचा मुक्काम बुरानो. तेथे एखादी वृद्धा खिडकीपाशी बसून सुईने लेस विणते, तिची छायाचित्रे काढली जातात, आणि पुन्हा दुकान. वाटेत तोर्चेल्लो बेटावर प्राचीन चर्चमधील ‘अंतिम न्याया’चे मोझेक पाहण्यास थोडा वेळ मिळतो, न मिळतो. सायंकाळच्या आत प्रवासी आपापल्या हॉटेलात परततात.

या फेरीची थट्टा करणे सोपे आहे, आणि सुखवस्तू विचारवंत ती करीतही असतात. परंतु वर्षभर बचत करून परदेश पाहावयास निघालेल्या शिक्षकाला किंवा बँकेतल्या कारकुनाला हाताची करामत पाहून आनंद झाला, तर त्यात हसण्यासारखे काही नाही. श्रमाला टाळ्या पडण्याचे प्रसंग या जगात असेही थोडेच येतात. मात्र त्या टाळ्या कशाला पडल्या, आणि घोडा व दुकान यांच्यामधल्या दारात कोणता इतिहास अडकून राहिला, याचा शोध घेतला पाहिजे.

व्हेनिसच्या प्रजासत्ताकाने 1291 साली शहरातील काचेच्या भट्ट्या मुरानो बेटावर हलविण्याचा हुकूम काढला. लाकडी घरांच्या दाटीवाटीत आगीचे भय होते, हे कारण खरेच होते. परंतु सगळे कारागीर एका बेटावर गोळा झाले की त्यांच्यावर आणि त्यांच्या विद्येवर नजर ठेवणेही सोपे जाते, हे व्यापारी सत्तेला कळत नव्हते असे मानण्याचे कारण नाही. पंधराव्या शतकात मुरानोच्या आंजेलो बारोव्हिएरने स्फटिकासारखी नितळ काच साधली आणि युरोपातील राजेरजवाड्यांच्या मेजांवर ती पोहोचली. काचकारांना मोठा मान मिळाला. काचकाराच्या मुलीशी सरदार घराण्यातील पुरुषाने विवाह केला तरी त्यांच्या संततीचे कुलीनत्व अबाधित राही. त्याच कारागिराने परवानगीवाचून प्रजासत्ताकाबाहेर जाऊन भट्टी घातली, तर तो मात्र गुन्हेगार. ज्याच्या हातातील विद्या राज्याची संपत्ती झाली, त्याचे पाय राज्याने बांधून ठेवले. चौदाव्या लुईचा मंत्री कोल्बेर याने 1665 च्या सुमारास आमिषे दाखवून मुरानोचे काही आरसेकार फ्रान्सला नेले, आणि 1684 मध्ये पुऱ्या झालेल्या व्हर्सायच्या आरसेमहालात त्या विद्येचे तेज दिसले. दोन सत्तांच्या या ओढाताणीत कारागिराला स्वतःला काय हवे होते, याची नोंद इतिहासाने फारशी ठेवलेली नाही.

मार्गदर्शक हा भाग सांगतो. रंजक असल्याने तो विकला जातो. मण्यांचा भाग तो सहसा सांगत नाही. मुरानोच्या वैभवात झुंबरांइतकाच बारीक काचमण्यांचा वाटा होता. हे मणी गलबतांतून आफ्रिकेच्या किनाऱ्यावर जात आणि तेथे ज्या व्यवहारांत ते मोजले जात त्यांत माणसांची खरेदीही होती. इकडे व्हेनिसच्या गरीब वस्त्यांत दारापुढे बसून स्त्रिया हे मणी दोऱ्यात ओवीत. मांडीवर लाकडी परात, हातात पंख्यासारख्या धरलेल्या लांब सुया, आणि मजुरी अगदी तुटपुंजी. या ओवणाऱ्या स्त्रियांनी 1904 साली संप केला. 2020 मध्ये काचमण्यांच्या कलेला युनेस्कोने मानवजातीच्या अमूर्त वारशात स्थान दिले. ते उचितच झाले. परंतु वारशाच्या गौरवात सुई येते आणि संप मागे राहतो, हा नेहमीचा अनुभव आहे.

याच व्हेनिसवर लिहिताना जॉन रस्किनने 1853 मध्ये काचमण्यांचा दाखला घेतला होता. दिवसभर काचेच्या कांड्यांचे तुकडे पाडीत बसणाऱ्या मजुराचे हात थरथरत राहतात. त्या कामात बुद्धीला कोठेही वाव नाही. तेव्हा असे मणी विकत घेणारी तरुणी नकळत गुलामांच्या व्यापारातच भाग घेते, असा त्याचा कठोर अभिप्राय होता. उलट जुन्या व्हेनिशियन पेल्यातील ओबडधोबडपणा त्याला प्रिय होता, कारण त्यात करणाऱ्याचे मन होते. पुढे याच रस्किनच्या ‘अन्टू धिस लास्ट’ने 1904 साली जोहान्सबर्गहून डर्बनला जाणाऱ्या गाडीत गांधीजींची झोप उडविली आणि 1908 मध्ये त्याचे गुजराती सार ‘सर्वोदय’ या नावाने प्रसिद्ध झाले. व्हेनिसची काच आणि आपला चरखा यांच्यात असा एक धागा आहे.

तरीही रस्किनचे सगळे मानण्याचे कारण नाही. बुरानो बेटावर गेले की त्याच्या विचाराची मर्यादा दिसते. बुरानो हे कोळ्यांचे बेट. तेथील स्त्रियांनी कापडाच्या आधारावाचून, नुसत्या सुईदोऱ्याने जाळी उभी करण्याची कला साधली. तिचे इटालियन नावच ‘हवेतला टाका’ असे आहे. प्रजासत्ताक 1797 मध्ये नेपोलियनपुढे कोसळले, सरदारांची गिऱ्हाइकी संपली आणि कलाही विझत आली. 1872 च्या कडाक्याच्या हिवाळ्यात भोवतालचे उथळ पाणी गोठले, होड्या अडकल्या आणि बेटावर उपासमार आली. मदतीच्या धडपडीतून लेसची शाळा निघाली. जुना टाका ठाऊक असलेली चेंचा स्कार्पारिओला ही एकच वृद्धा उरली होती. तिला तो येत होता, पण शिकविता येत नव्हता. तेव्हा एका शिक्षिकेने तिच्या हातांकडे पाहून तो उचलला आणि मुलींना दिला. साऱ्या सहलीत ऐकण्यासारखी गोष्ट कोणती असेल, तर ही आहे.

परंतु ती येथे संपविली की तिचे परीकथेत रूपांतर होते. शाळेत श्रमविभागणी इतकी काटेकोर होती की एक स्त्री एकाच प्रकारचा टाका घाली. एक नमुना पुरा होण्यास सात जणींचे हात लागत. मुली लहानपणी येत, मान मोडून बसत आणि कोळ्याच्या घराला थोडा हातभार लागे. लेस घालणाऱ्या उमराव स्त्रिया आणि ती विणणाऱ्या कोळिणी यांच्यातील अंतर शाळेने मिटविले नव्हते. तिने उपासमार टाळली, इतकेच. 1970 साली शाळा बंद झाली. इतर कामे मिळू लागली, मुली शिकू लागल्या, आणि हाताच्या तळव्याएवढ्या तुकड्यासाठी आठवडेच्या आठवडे डोळे फोडण्यास त्यांनी नकार दिला. त्या इमारतीत 1981 पासून संग्रहालय आहे. तेथे पेटीतील जाळी पाहून पर्यटक हळहळतो. त्या हळहळीत खोटे काही नसेल. पण जिने सुई खाली ठेवली तिचा निर्णय चुकला होता, असे कोणी म्हणू नये.

हाच प्रश्न आपल्या देशात अजून पेटीत गेलेला नाही. गोदावरीच्या मुखाजवळ नरसापूर भागात मिशनऱ्यांनी रुजविलेली क्रोशाची लेस हजारो स्त्रिया घरी बसून विणीत आल्या आहेत. जर्मन समाजशास्त्रज्ञ मारिया मीस यांनी तेथील पाहणीवरचे आपले पुस्तक 1982 मध्ये प्रसिद्ध केले. घरकाम सांभाळून रोज सहा-आठ तास राबणाऱ्या या स्त्रिया दप्तरी ‘गृहिणी’ होत्या आणि त्यांचे काम म्हणजे फावल्या वेळाचा उद्योग. सूत दलालाचे, दर दलालाचा, आणि माल जाई परदेशी. 2024 साली नरसापूरच्या लेसला भौगोलिक मानांकन मिळाले. नावाला संरक्षण लाभले, हे चांगले झाले. पण मानांकनाने मालाचे गाव ठरते, विणकरणीचा दर ठरत नाही. बिडी वळणाऱ्या घरखेप कामगार स्त्रियांना 1966 च्या कायद्याने कामगार म्हणून मान्यता दिली होती, ती सोलापूरसारख्या ठिकाणच्या लढ्यांमागे उभी राहिली. घरबसल्या कामासंबंधीचा आंतरराष्ट्रीय करार 1996 मध्ये झाला. भारताने त्यास अद्याप मान्यता दिलेली नाही.

कला जगावी की नाही हा प्रश्न मुळात चुकीचा विचारला जातो. ती कोणत्या दराने आणि कोणाच्या मालकीने जगावी, हे आधी विचारले पाहिजे. मुरानोने याबाबत काही प्रमाणात मार्ग काढला आहे. परदेशातून आलेला स्वस्त माल मुरानोचा म्हणून विकला जाऊ लागला, तेव्हा 1994 मध्ये व्हेनेतो प्रांताने कायदा करून अस्सल मालाला मुद्रा दिली. 1862 पासून तेथे काचकारांच्या शिक्षणाची परंपरा आहे. पण 2021 च्या शरद ऋतूपासून इंधनवायूचे भाव कित्येक पटींनी वाढले, आणि अहोरात्र पेटत्या ठेवाव्या लागणाऱ्या भट्ट्यांपैकी अनेक मालकांनी विझविल्या. सरकारी मदत आली, परंतु शतकानुशतके टिकलेल्या कौशल्याचे भवितव्य एका बिलावर अवलंबून आहे, हे सर्वांना दिसले. फुकट लाँच देऊन प्रवाशाला ठरावीक दुकानात नेणारा आणि विक्रीवर दलाली घेणारा मध्यस्थ मात्र त्या बिलाच्या झळीपासून दूर होता.

आपल्याकडे कमलादेवी चट्टोपाध्याय यांनी काँग्रेस समाजवादी पक्षातील उमेदीची वर्षे मागे टाकून कारागिरांचे काम हाती घेतले. 1952 मध्ये स्थापन झालेल्या अखिल भारतीय हस्तकला मंडळाचे नेतृत्व त्यांच्याकडे होते. शोभेच्या वस्तू गोळा करण्याचा छंद म्हणून त्यांनी हे काम केले नव्हते. सहकारी संस्था, कच्चा माल, बाजारपेठ आणि दलालाची हकालपट्टी हा त्यामागील विचार होता. तो कोठे फळला, कोठे सरकारी भांडारांच्या धुळीत हरवला. ते मंडळच 2020 च्या ऑगस्टमध्ये, साथीच्या धामधुमीत, एका आदेशाने रद्द करण्यात आले. आठवड्यापूर्वी हातमाग मंडळाची तीच गत झाली होती. कारागिरांना सरकारदरबारी बसण्याची जी एक कोपऱ्यातील जागा होती तीही गेली, आणि त्याविरुद्ध देशात म्हणावे तसे आंदोलन झाले नाही.

बेटांच्या सहलींचा अनुभव मुंबईलाही आहे. ‘गेटवे’हून घारापुरीला जाणाऱ्या लाँचा पिढ्यान्‌पिढ्या भरून जात होत्या, लेणी पाहून लोक परतत होते. त्याच बेटावरील गावांना समुद्राखालच्या तारेने वीज मिळाली ती 2018 च्या फेब्रुवारीत. तोवर सायंकाळची शेवटची लाँच निघाली की मागे जनित्राचे काही तास आणि मग अंधार, हे पर्यटकाच्या वेळापत्रकात कोठेच नव्हते.

व्हेनिसमध्ये 2024 पासून काही ठरावीक दिवशी एका दिवसासाठी येणाऱ्या पाहुण्याकडून प्रवेशशुल्क घेतले जाते. मुरानो-बुरानोला ते लागू नाही. जुन्या शहराची वस्ती 1951 मध्ये पावणेदोन लाखांच्या आसपास होती, ती 2022 मध्ये पन्नास हजारांच्या खाली आली. बुरानोवर आता तीन हजारांपेक्षाही कमी माणसे राहतात. ज्यांना तेथे जायचे असेल त्यांच्यासाठी नगरपालिकेची बारा क्रमांकाची बोट फोंदामेंते नोव्हे धक्क्यावरून सुटते. तिच्यात मार्गदर्शक नसतो आणि ती कोणत्याही दुकानाच्या दारात नेऊन सोडत नाही. बाजाराच्या पिशव्या घेऊन घरी परतणाऱ्या बायका आणि शाळेची मुले तिच्यात असतात. लाँचेतून येणारी गर्दी दुपारी परत गेल्यावरही ही माणसे बेटावरच राहतात.