शंभर भागिले चष्म्याचा नंबर

मुलांनो, आज शाळेतून घरी जाताना एक मोजणी करायची. वाटेत चष्म्याची दुकानं किती लागतात ते मोजा. जुन्या पनवेलात राहणाऱ्यांनी एसटी स्टँडपासून बाजारपेठेपर्यंत मोजावीत, खारघर-कामोठ्याच्या मंडळींनी आपापल्या सेक्टरातली. वडापावच्या गाड्यांइतकी ती नाहीत, हे कबूल! पण मग घरी जाऊन आजोबांना विचारा, "तुमच्या लहानपणी गावात अशी दुकानं किती होती हो?" आणि दोन्ही आकडे वहीत शेजारी शेजारी लिहा.

चष्म्याचा धंदा तसा जुना आहे. लॉरेन्स अँड मेयो ही पेढी सुरू झाली १८७७ साली. पण त्या काळी चष्मा म्हणजे वकीलसाहेब, हेडमास्तर, नाहीतर पोथी वाचणारे आजोबा. आता बघा. घड्याळं करणाऱ्या टायटन कंपनीने २००७ साली चष्म्यांची दुकानं काढली. २०१० साली लेन्सकार्टने इंटरनेटवरून चष्मे विकायला सुरुवात केली आणि नोव्हेंबर २०२५ मध्ये ही कंपनी थेट शेअर बाजारात उतरली. तिकडे परदेशात २०१८ साली फ्रान्सची एसिलॉर आणि इटलीची लक्झोटिका या दोन बड्या कंपन्या एक झाल्या. एक भिंगवाली, दुसरी फ्रेमवाली. जमलं की नाही स्थळ? आपल्याकडे सरकारने २२ सप्टेंबर २०२५ पासून नजरेच्या चष्म्यांवरचा जीएसटी १२ टक्क्यांवरून ५ टक्क्यांवर आणला.

एवढा व्यापार कशाच्या जोरावर वाढतो? थोडा फॅशनच्या, हे खरंच. शर्टाला शोभेल अशी फ्रेम घेणारे ताई-दादा तुमच्याही घरात असतील. पण मुख्य कारण म्हणजे माणसांचे नंबर वाढताहेत, आणि तेही लहान वयात. २०१६ साली शास्त्रज्ञांनी अंदाज मांडला होता, की २०५० सालापर्यंत जगातल्या निम्म्या माणसांना लांबचं धूसर दिसत असेल. निम्म्या, बरं का! आणि २०५० साली तुम्ही असाल तिशी-पस्तिशीत.

"नंबर, नंबर" म्हणतात तो असतो तरी काय? लांबचं न दिसणाऱ्यांचा नंबर उणे असतो. शंभरला त्या नंबराने भागा. उत्तर येईल तितक्या सेंटिमीटरपर्यंत त्या डोळ्याला चष्म्याशिवाय स्पष्ट दिसतं, त्यापुढचं सगळं पुसट. उणे एक म्हणजे १०० सेंटिमीटर, एक मीटर. उणे दोन म्हणजे ५० सेंटिमीटर. उणे चार म्हणजे फक्त २५. आता तुमची फूटपट्टी नाकासमोर आडवी धरून बघा, पंचवीस सेंटिमीटर म्हणजे किती जवळ! उणे दोनवाल्याला मांडीवरची वही दिसते, पण फळा दिसत नाही. त्याला वाचता येत नाही असं नव्हे, फळाच त्याच्यापर्यंत पोचत नाही.

असं का होतं? जन्मलेल्या बाळाचा डोळा पुढून मागे साधारण १७ मिलिमीटर असतो, मोठ्या माणसाचा २४. वाढता वाढता तो जरा जास्तच लांब झाला, की चित्र पडद्यावर न पडता पडद्याच्या अलीकडेच तयार होतं. एका मिलिमीटरचा फरक पडला तरी नंबर अडीच-तीनने वाढतो. घरात आईबाबांना नंबर असेल तर मुलांना लागण्याचा संभव जास्त. पण सगळा दोष वाडवडिलांवर ढकलू नका हं! सतत जवळचं बघणं आणि बाहेर उजेडात न खेळणं हीसुद्धा कारणं आहेत. वर्गात ट्यूबलाइट लावून जेवढा उजेड असतो, त्याच्या कित्येक पट उजेड बाहेर झाडाच्या सावलीतही असतो. तो उजेड डोळ्याच्या लांब होण्याला आवर घालतो, असं शास्त्रज्ञांना वाटतं. चीनमधल्या ग्वांगझोऊ शहरात पहिलीच्या मुलांवर एक प्रयोग झाला. काही शाळांत रोज ४० मिनिटं मैदानावरचा जादा तास ठेवला. तीन वर्षांनी पाहिलं तेव्हा या शाळांत शंभरातल्या तीस मुलांना नंबर लागला होता, बाकीच्या शाळांत जवळजवळ चाळीस जणांना. २०१५ साली हे प्रसिद्ध झालं. म्हणजे खेळाच्या तासाला गणित घेणाऱ्या शिक्षकांना (आमच्यातही असतात!) आता सांगायला तुमच्याकडे चांगलं कारण आहे.

गोवा महामार्गावरून जाताना कर्नाळ्याचा सुळका दिसतो ना, अंगठ्यासारखा? पुढच्या वेळी एकेक डोळा झाकून तो पाहा. एकेकच का, ते ऐका.

ज्याला धूसर दिसतं, त्याला ते ठाऊकच नसतं. तो समजतो, जग असंच असतं. झाडाला सुटी सुटी पानं दिसतात हे त्याला कोण सांगणार? आणि एकच डोळा अधू असेल तर कोणालाच पत्ता लागत नाही, कारण दुसरा डोळा दोघांचंही काम गुपचूप करतो. मग मेंदूही अधू डोळ्याकडून काम घेणं सोडून देतो. याला आळशी डोळा म्हणतात. सात-आठ वर्षांच्या आत सापडला तर चष्मा लावून आणि चांगला डोळा रोज थोडा वेळ झाकून तो पुष्कळ सुधारतो. उशीर झाला तर मग चष्म्यानेही पुरतं दिसत नाही. म्हणून आजच घरातल्या भिंतीवरच्या कॅलेंडरसमोर लांब उभे राहा, तळहाताने एक डोळा झाका (दाबायचा नाही) आणि तारखेखालचं बारीक अक्षर वाचा. मग दुसरा डोळा झाका. दोन्हींत फरक वाटला, तर आईला सांगा. ही काही डॉक्टरांची तपासणी नव्हे. पण डॉक्टरांकडे जायला कारण मिळालं!

वर्गात आम्हालाही काही खुणा दिसतात. एखादी मुलगी फळ्यावरचं न उतरवता शेजारणीच्या वहीतलं उतरवते. तीनचे आठ होतात. एखादा मुलगा डोळे बारीक करतो किंवा मान वाकडी करून बघतो. "लक्ष नाही" असा शेरा प्रगतिपुस्तकात पडण्याआधी त्याचे डोळे तपासलेले बरे.

शाळेत डॉक्टरांचं पथक येतं ना, त्याचीही एक गोष्ट आहे. राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रम सुरू झाला तो फेब्रुवारी २०१३ मध्ये, आपल्या पालघरहून. सरकारी आणि अनुदानित शाळांत वर्षातून एकदा हे पथक येतं, आणि त्यात नजरही तपासतात. भिंतीवर टांगतात त्या अक्षरांच्या तक्त्याची मूळ कल्पना १८६२ सालची, हॉलंडच्या स्नेलेन नावाच्या डॉक्टरांची. नजर ६/१२ असं लिहिलं असेल, तर चांगल्या डोळ्याला जे १२ मीटरवरून वाचता येतं, ते तुम्हाला ६ मीटरवर यावं लागलं. आता एक गुपित फोडते. रांगेत उभे असताना काही हुशार मंडळी पुढच्याचं ऐकून अख्खा तक्ता पाठ करतात आणि घडाघडा म्हणून दाखवतात! पाढे असे पाठ केलेत तर मी पेढे वाटीन. तक्ता मात्र पाठ करू नका. इथे पहिला नंबर येऊन काही मिळत नाही.

आता थोडं पालकांशी. दुकानातल्या यंत्रात डोळा घातला की नंबराची चिठ्ठी मिनिटभरात बाहेर येते, आणि पुष्कळ ठिकाणी फुकट. मोठ्यांसाठी सोय चांगली आहे. लहान मुलांचं तसं नाही. मुलांच्या डोळ्यातले स्नायू फार जोमदार असतात. यंत्रात बघताना ते जोर लावतात आणि नंबर असतो त्याहून जास्त उणे येऊ शकतो. म्हणून मुलांचा पहिला नंबर नेत्रतज्ज्ञांकडे, डोळ्यात थेंब घालूनच काढावा. थेंबांनी स्नायू सैल पडतात आणि खरा आकडा कळतो. दुकानात भेटतात त्यांतही फरक असतो. ऑप्टोमेट्रिस्ट नजर तपासण्याचं शिक्षण घेतलेले असतात, ऑप्टिशियन चष्मा बनवून देतात, आणि डोळ्याचे आजार बघतात ते नेत्रतज्ज्ञ. पनवेलकरांना त्यासाठी मुंबई गाठायला नको. आपल्याकडे लक्ष्मी आय इन्स्टिट्यूट आहे, नवीन पनवेलला आर. झुनझुनवाला शंकरा नेत्र रुग्णालय आहे.

चष्मा घेताना फ्रेमवर फार खर्च करू नका, मूल वाढतं आणि फ्रेम लहान पडते. पैसे घालायचे ते भिंगात. काचेचं भिंग मुलांना नकोच. पॉलिकार्बोनेटचं घ्या, चेंडू लागला तरी सहसा फुटत नाही. डोळ्यांच्या दोन बाहुल्यांमधलं अंतर मोजून घेतलं का, ते विचारा. भिंगाचा मध्य बाहुलीसमोर नसेल तर नंबर बरोबर असूनही डोकं दुखतं. आणि "मोबाइल बघतो ना, मग निळा उजेड अडवणारं भिंग घ्या" असं कोणी म्हटलं, तर जरा थांबा. २०२३ साली अशा भिंगांवरचे सतरा प्रयोग एकत्र करून तपासले, तेव्हा डोळ्यांचा थकवा कमी होतो असं काही दिसलं नाही. तेवढ्या पैशात एक बॅट येईल.

"चष्मा लावला की नंबर वाढतो" असं म्हणणाऱ्या आत्याबाई प्रत्येक घरात असतात. नंबर वाढतो तो डोळा वाढतो म्हणून, चष्मा कपाटात ठेवला तरी वाढायचा तो वाढतोच. गाजराने रातांधळेपणा टळायला मदत होते, नंबर उतरत नाही. आणि मुलगी असली की आणखी एक वाक्य हळू आवाजात येतं, "पुढे लग्नाला अडचण नको." सहा वर्षांच्या पोरीचा फळा वीस वर्षांनंतरच्या लग्नासाठी पुसून टाकायचा, हा कुठला हिशेब? मला तरी हा राग आवरत नाही.

मोठ्यांचंही तेच. आपल्याकडे जवळच्या चष्म्याला चाळिशी म्हणतात, इतका तो वयाला चिकटलेला शब्द आहे. म्हणून तो लावायला लोक लाजतात. आसामच्या चहामळ्यांत चाळिशी ओलांडलेल्या मजुरांपैकी काहींना जवळचे चष्मे दिले. २०१८ साली निष्कर्ष छापून आले. चष्मा न मिळालेल्यांशी तुलना करता त्यांचं पानं खुडण्याचं काम सुमारे २२ टक्क्यांनी जास्त भरलं. तेव्हा आई सुईत दोरा ओवायला तुम्हाला हाक मारते ना, ओवून तर द्याच, पण तिलाही डॉक्टरांकडे न्या.

वर्गात कोणाला नवा चष्मा लागला की "ढापण्या" आणि "डबल बॅटरी" सुरू होतं. चिडवणाऱ्याला मी एक शिक्षा देते. फळ्यावरचा परिच्छेद लिहून घ्यायचा, मात्र खोलीच्या मागच्या कोपऱ्यातून आणि चहाच्या गाळणीएवढी दुधी प्लॅस्टिकची पिशवी डोळ्यांपुढे धरून. दोन ओळींतच उत्साह मावळतो.

आणि हो, थेंब घातल्यावर एक दिवस, कधी त्याहूनही जास्त, जवळचं पुसट दिसतं आणि उन्हात डोळे दिपतात. तेव्हा परीक्षेच्या आदल्या दिवशी जाऊ नका. शनिवारी जा, टोपी घेऊन जा, आणि डॉक्टरांनी दिलेला नंबराचा कागद वह्यांच्या कपाटात जपून ठेवा. पुढच्या वेळी शंभर भागायला लागेल.