लिटरमागे किती?



हिरडा व्यापाऱ्याला घालताना आपण आधी काय विचारतो? किलोला काय दर. दर कळला की पोत्याचे किती होतात ते आपली म्हातारी माणसंसुद्धा बोटावर मोजून सांगतात. मग पाणी तपासणीचा कागद हातात आला की आपण गप्प का बसतो?

परवा एका वाडीवर बैठक होती. तिथल्या विहिरीचा कागद आला होता. त्यावर लिहिलेलं, नायट्रेट 60 मि.ग्रॅ./लि. एका मावशीनं विचारलं, "म्हंजे पाणी प्यायचं का न्हाय?" कुणालाच सांगता येईना. म्हणून हे लिहितोय.

60 मि.ग्रॅ./लि. हा दरच आहे. एका लिटरात 60 मिलिग्रॅम. हजार मिलिग्रॅमचा एक ग्रॅम. 15 लिटरच्या हंड्यात 60 गुणिले 15, म्हणजे 900 मिलिग्रॅम. माणूस दिवसाला 2 लिटर प्याला तर 120 पोटात गेले. पिण्याच्या पाण्याचं सरकारी मानक, आय.एस. 10500, सांगतं की लिटरला 45 च्या वर नको. म्हणजे 2 लिटरात फार तर 90. आपल्या पोटात रोज 30 जादा.

हे येतं कुठून? विहिरीच्या वरच्या अंगाचा गोठा, उकिरडा, संडासाचा खड्डा, शेतातला युरिया. पावसाबरोबर जमिनीत मुरतं. याला ना रंग, ना वास. जास्त धोका बाटलीचं दूध पिणाऱ्या, सहा महिन्यांच्या आतल्या बाळाला. त्याच्या रक्ताची प्राणवायू वाहून न्यायची ताकद कमी होते, ओठ-नखं निळी पडतात. असं दिसलं तर थेट दवाखाना गाठा.

आता आपली एक चूक. आपण म्हणतो, पाणी उकळलं की झालं. जुलाब-काविळीच्या जंतूंसाठी ते खरंच आहे, उकळायचं सोडू नका. पण नायट्रेट उकळून उडत नाही, पाणी तेवढं उडतं. लिटरला 40 असलेलं 4 लिटर पाणी घ्या. एकूण 160. आटून 3 लिटर उरलं तर 160 भागिले 3, म्हणजे लिटरला 53. नियमातलं पाणी चुलीवर नियमाबाहेर गेलं! म्हणून उकळी आली की उतरवा, आटवू नका. आणि 45 च्या वरचं पाणी बाळाच्या दुधाला उकळूनही वापरू नका. चांगल्या झऱ्याचं आणा.

जलजीवन मिशनमध्ये गावातल्या पाच बायांना पाणी तपासायचं शिकवायचं ठरलेलं आहे. आपल्या गावातल्या त्या पाच कोण, ग्रामसभेत विचारा. कागद मोठ्यानं वाचायला लावा. उकिरडा विहिरीच्या खालच्या अंगाला हलवा, ते आपल्याच हातात आहे.

आणि वरच्या चांगल्या झऱ्याचं पाणी पाइपनं आणायचं म्हटलं की "जमीन जंगलाची आहे" म्हणून परत पाठवतात. त्यांना 2006 च्या वनहक्क कायद्याचं कलम 3(2) दाखवा. पिण्याच्या पाण्याच्या योजनेला एक हेक्टरच्या आतली वनजमीन देता येते, हेक्टरी 75 पेक्षा जास्त झाडं जाणार नसतील तर. त्यासाठी शिफारस लागते ग्रामसभेची. म्हणजे आपलीच.

ठराव करा, त्याला पाण्याचा कागद जोडा, खाली आपला हिशेब लिहा. "पाणी खराब आहे" म्हटलं की साहेब मान हलवतो. "लिटरला 15 जादा आहे" म्हटलं की त्याला उत्तर द्यावं लागतं.