पितळेतली मींड

रबाळे गावात हळदीच्या रात्री बेंजो सुरू झाला, की ठाणे-बेलापूर रस्त्यावरून औद्योगिक वसाहतीकडे वळणाऱ्या अवजड वाहनांची घरघरही मागे पडते, आणि गाणारा कोणी नसताना केवळ चालीच्या आधाराने मांडवातल्या आयाबाया मूळ गीताचे शब्द पुरे करीत जातात. गेल्या आठवड्यात असा बेंजो ऐकून घरी परतलो आणि कित्येक दिवस कपाटात पडून असलेली मनोहारी सिंग यांची 'सॅक्स अपील' ही ध्वनिमुद्रिका बाहेर काढली.

हिंदी चित्रपटगीतांच्या चाली तीत सॅक्सोफोनवर वाजविलेल्या आहेत. १९३१ साली कोलकात्यात जन्मलेले आणि तेथील फिर्पोज या उपाहारगृहात पाश्चात्त्य नृत्यसंगीत व जॅझ वाजवून हात तयार झालेले मनोहारीदा १९५८ मध्ये सलिल चौधरींच्या आग्रहावरून मुंबईत आले, आणि पुढे बासुदेव चक्रवर्ती व मारुतराव कीर यांच्या बरोबरीने राहुलदेव बर्मन यांच्या वाद्यवृंदाचे कारभारी झाले.

जॅझच्या अभिमान्यांना अशा वादनाचे वावडे असते. लोकप्रिय गीत वाद्यावर उतरविणे ही त्यांच्या लेखी अस्सलबरहुकूम नक्कल. १९६७ साली वेस माँटगोमेरी या अमेरिकन गिटारवादकाने बीटल्सच्या गीताचेच नाव देऊन 'अ डे इन द लाइफ' ही ध्वनिमुद्रिका काढली, तेव्हा ती अमाप खपूनही, किंबहुना खपली म्हणूनच, हीच तक्रार त्याच्यावर गुदरण्यात आली. मला ती मुळातच अमान्य आहे. गायकाला स्वर लांबवावयाचा झाला तर शब्दातला आकार किंवा इकार त्याच्या मदतीला येतो. वादकापाशी ती सोय नसते, आणि ज्या अक्षरावर श्रोत्याचा जीव जडलेला असतो, नेमकी त्याचीच जागा त्याला निव्वळ फुंकेने भरून काढावी लागते.

सॅक्सोफोनचे धूड पितळेचे खरे, परंतु नाद जन्मतो तो मुखाशी बांधलेल्या, बोरूसारख्या गवताच्या पातळ पट्टीत. ओठांचा दाब किंचित सैल केला की स्वर खाली ओघळतो, आणि पेटीला जी मींड कधी साधली नाही ती येथे साधते. 'काश्मीर की कली'तल्या (१९६४) 'है दुनिया उसी की' या गीतात रफीसाहेबांचा आवाज थांबून मनोहारीदांचा सॅक्सोफोन सुरू होतो, तो सांधा मी त्या रात्री पुन्हा पुन्हा ऐकला. शब्द संपले तरी कंठातला कंप तसाच पुढे चालू राहतो. आपल्याकडे 'गीतरामायणा'त बाबूजींना, म्हणजे सुधीर फडके यांना, साथ करणाऱ्या प्रभाकर जोगांचे 'गाणारे व्हायोलिन' ऐकणाऱ्यांना हे नवे वाटणार नाही. जोग मात्र गजाने अक्षर न् अक्षर उच्चारीत, आणि मनोहारीदा अक्षरे सोडून देऊन त्यांच्यामागचा श्वास तेवढा राखतात. मला दुसरी वाट अधिक जवळची वाटते, कारण तीत ऐकणाऱ्यालाही काही करावयास उरते.

त्या हळदीत, रात्री अकराच्या सुमारास, मुखड्याची पहिली ओळ वाजवून बेंजोवाल्याने तारांवरून हात उचलला होता. दुसरी ओळ मांडवातल्या बायकांनी म्हटली, ती पुरी होईपर्यंत तो मान हलवीत थांबला, आणि मग त्यांनी सोडलेल्या स्वरावरूनच त्याने अंतरा उचलला.