फाटकावरचा पोलीस

मंडळी, आपल्या सहलींत जेवणं आटोपली की एकतर पत्ते निघतात, नाहीतर वाद. या खेपेला वाद निघाला. संप चालू असताना कारखानदार हायकोर्टात जातो आणि पोलीस बंदोबस्ताचा हुकूम घेऊन येतो, म्हणजे कोर्ट मालकांचंच की नाही? आम्ही पडलो इंजिनिअर, कायद्यातलं आम्हांला काय कळणार! पण यंत्र उघडून पाहिल्याशिवाय आम्हांला चैन पडत नाही, म्हणून थोडं वाचून काढलं.

भारतात हा प्रश्न खरा पेटला तो कलकत्त्याला, १९६७ साली. मार्चमध्ये पश्चिम बंगालात संयुक्त आघाडीचं सरकार आलं, मजूरमंत्री झाले सुबोध बॅनर्जी. २७ मार्चला परिपत्रक निघालं: कारखान्यात घेराव झाल्याची खबर आली तर पोलिसांनी आधी मजूरमंत्र्यांना कळवावं आणि त्यांची सूचना घेऊन मगच काय ते ठरवावं. घेराव म्हणजे काय, हे कॉलेजात प्राचार्यांना कोंडणाऱ्या आपल्यातल्या काही जणांना सांगायला नकोच! पण तिथे मॅनेजर तासन्‌तास खोलीत अडकलेले, आणि ठाण्याला फोन केला तर उत्तर काय, तर वरून हुकूम यायचाय. जूनमध्ये दुसरं परिपत्रक आलं, की रास्त कामगार चळवळीत पोलिसांनी पडू नये आणि तक्रार आली तर आधी तिच्यात तथ्य आहे का ते पाहावं.

आपल्या घरोघरी असलेली उषाची शिवणयंत्रं आणि पंखे बनवणारी जय इंजिनिअरिंग वर्क्स हायकोर्टात गेली. विशेष पीठानं दोन्ही परिपत्रकं रद्द केली. माणसाला अडवणं आणि कोंडणं हे त्या वेळच्या पीनल कोडातले सरळसरळ गुन्हे, त्यांत पोलीस वॉरंटशिवाय अटक करू शकत होते. तिथे मंत्र्याची परवानगी आली कुठून? युनियनचा सभासद आहे म्हणून या गुन्ह्यांत कुणाला सूट नाही, हेही कोर्टानं सांगितलं. शांतपणे संप करणाऱ्यांचा मात्र या निकालात काही गुन्हा ठरला नाही. आमच्या मते ही गोष्ट मालक मंडळी सोयीस्करपणे विसरतात.

आता इथलं पाहा. १८९४ च्या पुलमन संपात शिकागोच्या फेडरल कोर्टानं मनाईहुकूम काढला, अध्यक्ष क्लीव्हलंड यांनी सैन्य पाठवलं, आणि इलिनॉयचे गव्हर्नर आल्टगेल्ड 'आम्ही मागितलं नव्हतं' म्हणून निषेध करत राहिले. पुढारी युजीन डेब्ज तुरुंगात गेले. असे मनाईहुकूम इतके स्वस्त झाले, की शेवटी १९३२ साली नॉरिस-ला गार्डिया कायदा करावा लागला. त्यातलं एक कलम आम्हांला फार आवडलं. कामगारांच्या तंट्यात फेडरल कोर्टाला मनाईहुकूम द्यायचा असेल तर आधी उघड्या कोर्टात साक्षीपुरावे ऐकायचे, आणि स्थानिक पोलीस मालमत्तेचं पुरेसं रक्षण करू शकत नाहीत किंवा करायला तयार नाहीत, अशी खात्री करून घ्यायची. सुनावणीची नोटीस पोलिसांच्या वरिष्ठांनाही द्यायची. म्हणजे ज्याच्या अंगावर काम टाकायचं, त्याला आधी विचारा तरी!

तिकडे मंत्र्याचा हात पोलिसांच्या खांद्यावरून काढावा लागला, इकडे न्यायाधीशाचा हात आवरावा लागला. दोन्हीकडे प्रश्न मात्र तोच, पोलीस आपलं नेमून दिलेलं काम करतात का?

केरळात असे अर्ज हायकोर्टात अजूनही सर्रास येतात. घटनेच्या २२६ व्या कलमाखाली रिट, आणि प्रतिवादींत ठाण्याचे अंमलदार. हुकूम मिळतो तो साधारण एवढाच, की काम करू इच्छिणाऱ्यांना आणि मालाच्या गाड्यांना जाऊ-येऊ द्या. कामगाराची मागणी रास्त की अवास्तव, याला कोर्ट त्या अर्जात सहसा हात घालत नाही. पगार आणि बोनसची भांडणं पुन्हा मजूर खात्याच्या टेबलावर, आणि तिथे पोलीस बंदोबस्ताचा काही उपयोग नाही.