फ्लिपर यंत्र : भीती किती, तथ्य किती?

मुठीत मावणारे, पडद्यावर डॉल्फिनचे चित्र दाखविणारे ‘फ्लिपर झीरो’ नावाचे यंत्र आता आपल्या घरांतही चर्चेचा विषय झाले आहे. २०२० साली लोकवर्गणीतून ४८ लाख डॉलरांहून अधिक रक्कम जमवून ते सिद्ध झाले. त्याने कोणतीही मोटार उघडते, शेजारून जाताना खिशातील कार्डावरून पैसे ओढता येतात, अशी वदंता आहे.

कॅनडाच्या सरकारनेही ती खरी मानिली. मोटारींच्या चोऱ्या वाढल्या म्हणून फेब्रुवारी २०२४ मध्ये मंत्री फ्रांस्वा-फिलिप शांपान्य यांनी बंदीचा मनोदय जाहीर केला. पुढच्याच महिन्यात वैध वापरास मोकळीक ठेवण्याची भाषा सुरू झाली. आधुनिक मोटारीची किल्ली दर वेळी नवा संकेत पाठविते, आणि एकदा स्वीकारलेला संकेत मोटार पुन्हा मानीत नाही. चोरांची रीत निराळी. एक जण घराच्या दाराशी व दुसरा मोटारीपाशी उभा राहतो आणि आत खुंटीवर टांगलेल्या किल्लीच्या लहरी दोघे मिळून मोटारीपर्यंत पोहोचवितात. ते काम या एकट्या खेळण्याच्या आवाक्यातले नव्हे. कार्डाचेही तसेच. अगदी जवळ नेल्यास क्रमांक वाचता येतो. परंतु प्रत्येक व्यवहारासाठी नवा संकेत घडविणारी गुप्त किल्ली कार्डाबाहेर येत नाही.

मात्र यंत्र अगदीच निरुपद्रवी आहे, असेही कोणी समजू नये. २०२३ साली काही खोडकरांनी त्याच्या साहाय्याने आयफोनांवर सूचनांचा असा भडिमार केला की फोन बंद पडत. डिसेंबरातील सुधारणेने तो उपद्रव आवरला. खरी चिंता जुन्या कुलुपांची आहे. कित्येक इमारतींच्या दाराची चीप वर्षानुवर्षे एकच क्रमांक उच्चारीत असते. तो टिपून नक्कल करण्यास फ्लिपरला काही क्षण पुरतात. येथे दोष यंत्राचा की असे कुलूप विकणाऱ्याचा? माझ्या मते दुसऱ्याचा. बंदीच्या गर्जनेने त्याला आयती पळवाट मिळते.

तेव्हा कार्डासाठी धातूची पाकिटे विकत घेत बसण्यापेक्षा, इमारतीच्या समितीच्या पुढील बैठकीत आपल्या दाराची चीप कोणत्या जातीची आहे, एवढे विचारावे. किल्लीवाल्याकडे दोन मिनिटांत तिची दुसरी प्रत करून मिळत असेल, तर ती बदलण्याचा खर्च जिन्याच्या रंगाआधी मंजूर करून घ्यावा.