दस्तऐवजाची रंगीत तालीम

दस्तऐवज आणि कल्पित यांच्या सीमेवरची कलाकृती समोर आली, की आपल्या समीक्षेत एक ठरावीक निष्कर्ष निघतो : वास्तव असे काही नसतेच, असतात त्या केवळ संहिता. हा निष्कर्ष सोयीचा आहे. तो एकदा काढला, की पुरावा तपासण्याच्या कष्टातून समीक्षक मोकळा होतो. परंतु ज्या कलावंतांचा दाखला देऊन तो काढला जातो, त्यांच्या कृती नेमके उलट सांगत असतात.

बैरुतचे नाट्यकर्मी रबीह म्रुए आणि कादंबरीकार एलियास खूरी यांचा 'तीन पोस्टर्स' (२०००) हा प्रयोग पाहावा. आरंभी पडद्यावर एक लढवय्या स्वतःला 'हुतात्मा' म्हणवीत मृत्यूपूर्व निवेदन करतो. मग एक दार उघडते आणि कळते, की हे स्वतः म्रुए असून शेजारच्या खोलीत कॅमेऱ्यापुढे ते ही भूमिका त्याच वेळी वठवीत होते. यानंतर येते ती खरी चित्रफीत. इस्रायलव्याप्त दक्षिण लेबनॉनमध्ये १९८५ साली आत्मघाती हल्ला करणाऱ्या जमाल साती या कम्युनिस्ट कार्यकर्त्याने आपले निवेदन तीनदा चित्रित करवून घेतले होते. प्रत्येक वेळी शब्द किंचित बदलतात, अडखळण्याच्या जागा बदलतात. दूरचित्रवाणीवर दिसले ते मात्र एकच.

'म्हणजे सारे नाटकच' असे म्हणून येथे सुटका होत नाही. साती मेला, हे कल्पित नव्हे. म्रुए यांच्या उघड अभिनयाचे कार्य असे, की त्यामुळे खऱ्या फितीतील तालीम आपल्याला दिसू लागते, आणि पोस्टरवरील हुतात्म्यामागचा चाचपडणारा, अद्याप जिवंत असलेला माणूसही दिसतो. मग प्रश्न उरतो : उरलेली दोन निवेदने कोणी बाजूला ठेवली, आणि कशासाठी? प्रयोगात पुढे पक्षाच्या एका नेत्याची मुलाखत येते, ती याच प्रश्नाच्या ओघात. अशा रीतीने कल्पित येथे उत्तरदायित्वाचा माग काढते.

'सरमिसळ म्हणजे फसवणूक' असे म्हणणाऱ्या वास्तववाद्यांनाही हेच उत्तर आहे. येथे दार प्रेक्षकांसमोरच उघडते. दूरचित्रवाणीवरील संपादित निवेदनात ते बंदच होते.

लेबनॉनमधील यादवी (१९७५–१९९०) संपल्यावर १९९१ च्या कायद्याने त्या काळातील बहुतेक राजकीय गुन्ह्यांना माफी दिली. जेथे कायद्यानेच चौकशीचा मार्ग बंद केला, तेथे 'सत्य नसतेच' हे विधान बंडखोर ठरत नाही. ते त्या माफीनाम्याला तात्त्विक पुरवणी जोडते. म्हणून अशा कृतींचे मूल्यमापन करताना सीमारेषा किती पुसली, हे मोजणे व्यर्थ आहे. ती पुसल्यावर कोणता प्रश्न विचारणे शक्य झाले, हे समीक्षेने सांगितले पाहिजे.