निवृत्तांची ग्रॅच्युइटी: मेहेरबानी नव्हे, मागे राहिलेला पगार

माझे मामा एका सहकारी साखर कारखान्यात पॅनमन होते. 32 वर्षे नोकरी झाली. निवृत्त झाल्यावर टाइम ऑफिसात ग्रॅच्युइटीसाठी अर्ज दिला आणि हेलपाटे सुरू झाले. प्लास्टिकच्या पिशवीत कागद, एसटीचा प्रवास, संध्याकाळी घरी येऊन एकच वाक्य: "पुढच्या हंगामात बघूया म्हणत्यात." दीड वर्षाने त्यांच्यापुढे एक स्टॅम्पपेपर ठेवला गेला. रक्कम चोवीस हप्त्यांत घेईन, व्याज मागणार नाही, कोर्टात जाणार नाही. खाली सहीपुरती जागा कोरी.

या कागदाच्या समर्थनार्थ जे बोलले जाते, त्यातला सर्वांत वजनदार मुद्दा असा: संस्था सभासदांची आहे, कामगारांना एकदम पैसे दिले तर ऊस उत्पादकाच्या ताटातले जाते. मी शेतकऱ्याच्याच घरातला असल्यामुळे हा मुद्दा मला झटकून टाकता येत नाही. पण ऊस उत्पादकाने स्वतःसाठी काय मागितले ते आठवून पाहा. तोडणीनंतर 14 दिवसांत पैसे, उशीर झाला तर 15 टक्के व्याज, हे 1966च्या ऊस नियंत्रण आदेशातले कलम आहे. त्यासाठी जयसिंगपूरच्या ऊस परिषदांना माणसे ट्रॅक्टर भरभरून गेली. एफआरपीचे, म्हणजे उसाच्या रास्त आणि किफायतशीर दराचे, तुकडे पाडणारा 2022चा शासन निर्णय उच्च न्यायालयाने मार्च 2025 मध्ये रद्द केला, तेव्हा गावोगावी समाधान वाटले. घामाचे दाम तुकड्यांत नकोत, हे ज्या कोल्हापूर जिल्ह्याने राज्याला शिकवले, त्याच जिल्ह्यात पॅनमनच्या घामाचे चोवीस तुकडे कसे चालतात? आणि हे दोघे वेगळे तरी कुठे आहेत? एक भाऊ ऊस घालतो, दुसरा त्याच कारखान्यात पाळी करतो.

दुसरा मुद्दा, संस्था अडचणीत आहे. अडचण खरी असेल, पण ग्रॅच्युइटी हा अचानक आलेला पूर नव्हे. माणूस कामाला लागतो त्या दिवशीच त्याची निवृत्तीची तारीख हजेरीबुकाला ठाऊक असते. दरवर्षी तरतूद करता येते, एलआयसीची ग्रुप ग्रॅच्युइटी योजना घेता येते. ती रक्कम दुसरीकडे वळवायची आणि तीस वर्षांनी तिजोरी उघडून दाखवायची, याला अडचण म्हणत नाहीत. भूविकास बँकेचे उदाहरण ताजे आहे. बँक मोडीत निघाली, इमारती आणि जागा उभ्या होत्या, आणि कर्मचारी थकीत देण्यांसाठी वर्षानुवर्षे ताटकळले. ऑक्टोबर 2022 मध्ये मंत्रिमंडळाने सुमारे 275 कोटींची ही देणी देण्याचा निर्णय घेतला आणि बँकेच्या मालमत्ता सरकारकडे घ्यायचे ठरले. मालमत्ता आधीही होतीच. रांगेत कामगाराचा नंबर शेवटचा होता.

तो शेवटचा असावा, असे न्यायव्यवस्थेलाही वाटत नाही. 2009 मध्ये राज्य सहकारी बँकेने तारण साखरेवर हक्क सांगितला, तेव्हा कामगारांच्या भविष्य निर्वाह निधीची थकबाकी तारणाच्याही आधी, असे सर्वोच्च न्यायालयाने ठरवले.

तिसरा युक्तिवाद जामिनकीचा: अमक्याच्या कर्जाला सही केली होती, ते वळते करून घेतो. ग्रॅच्युइटीवर जप्तीसुद्धा आणता येत नाही. ती रोखण्याची कारणे कायद्याने मोजून दिली आहेत, ती बडतर्फीला जोडलेली आहेत, आणि त्यांत जामिनकी नाही.

माझ्या मते या सगळ्याचे मूळ एका शब्दात आहे. 1972च्या कायद्याचे मराठी नाव 'उपदान प्रदान अधिनियम'. दान म्हटले की देणारा मोठा होतो आणि घेणारा हात पसरतो. प्रत्यक्षात हा राखून ठेवलेला पगार आहे. वर्षाला पंधरा दिवसांचा; हंगामी कामगाराला हंगामामागे सात दिवसांचा. मामांचा शेवटचा मूळ पगार आणि महागाई भत्ता मिळून 26,000. त्याला 26 ने भागून 15 ने गुणले की 15,000, गुणिले 32 वर्षे: 4 लाख 80 हजार. हे तीस दिवसांत द्यायचे. पुढे 10 टक्के सरळ व्याजाने महिन्याला 4,000 रुपये चढतात, म्हणजे 'व्याज मागणार नाही' या तीन शब्दांची दीड वर्षाची किंमत 70 हजारांच्या आसपास. आणि कायद्यापेक्षा कमी देणारा करार कायद्यापुढे टिकत नाही. नोव्हेंबर 2025 पासून सामाजिक सुरक्षा संहिता आली तरी कायम कामगारापुरता हा गाभा तोच आहे.

म्हणून निवृत्तांनी कामगार न्यायालयात जावे, नि:संकोच जावे. निकाल विरुद्ध गेला तर संस्थेला अपिलाआधी रक्कम भरावी लागते. त्यापुढची लढाई मुंबईत लढावी लागे. ऑगस्ट 2025 पासून उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच कोल्हापुरातच, सीपीआर रुग्णालयासमोर बसते. आणि सभासदांनी वार्षिक सभेत लाभांशाआधी विचारावे: निवृत्तांचे किती थकले, किती महिने? हलकर्णीच्या दौलतसारखा कारखाना भाड्याने द्यायची वेळ येते, तेव्हा जुनी देणी कोणाच्या अंगावर, हे कराराच्या पहिल्या पानावर असले पाहिजे.

मामांनी सही केली नाही. स्टॅम्पपेपर घडी घालून त्याच पिशवीत ठेवला आणि सोमवारी वकिलाकडे निघाले.